दोन शाळांमधली शाळा

श्रोतेहो, आमच्या गावची शाळा सातवीपर्यंत होती. आठवीसाठी आठ किलोमीटरांवरच्या तालुक्याच्या गावी जावे लागे. सातवीची परीक्षा झाली, उन्हाळ्याची सुटी सरली, आणि जूनमध्ये आम्ही नव्या हायस्कुलात जाऊन बसलो. पाहतो तो माझा बाकावरचा जोडीदार आलेलाच नाही! मुलगा गणितात माझ्यापेक्षा चलाख. त्याने शाळा नको असे कधी म्हटले नव्हते, आणि त्याला कोणी शाळेतून काढलेही नव्हते. एक शाळा संपली होती आणि दुसरी सुरू झाली नव्हती, एवढेच काय ते झाले. त्या मधल्या दोन महिन्यांत तो गुरे घेऊन रानात गेला, आणि रानातच राहिला.

तुमच्यापैकी जे शिक्षक असतील त्यांना असा एखादा विद्यार्थी आठवलाच असेल. मूल वर्ग चालू असताना सहसा सुटत नाही. ते सुटते दोन शाळांच्या सांध्यावर. ही गोष्ट शंभरांहून अधिक वर्षांपूर्वी, आपल्यापासून हजारो मैलांवरच्या एका शहरातील माणसांच्या लक्षात आली होती, आणि त्यांनी त्यावर एक उपाय करून पाहिला. त्या उपायाचे नाव ज्युनियर हायस्कूल. आपल्याकडे ज्याला ज्युनियर कॉलेज म्हणतात ते हे नव्हे. ही शाळा इयत्ता सातवी, आठवी आणि नववी या तीनच वर्गांची. आज मी तिची हकीकत तुम्हाला सांगणार आहे.

ते शहर म्हणजे कॅनडातील विनिपेग. नकाशात कॅनडाच्या दक्षिण भागात, पूर्व-पश्चिम मधोमध बोट ठेवा, ते मॅनिटोबा प्रांतावर पडेल. विनिपेग ही त्या प्रांताची राजधानी. चोहीकडे सपाट माळ, त्यावर गव्हाची शेते, आणि थंडी अशी की शून्याखाली तीस अंशांपर्यंत पारा उतरला तरी तिकडे कोणाला नवल वाटत नाही. रेल्वे आली आणि हे गाव भराभर वाढले. 1901 साली तेथे सुमारे 42 हजार माणसे होती. 1911 साली सुमारे 1 लाख 36 हजार झाली. दहा वर्षांत तिप्पट! ब्रिटनमधून माणसे आली, युक्रेन, पोलंड आणि जर्मनीतून आली, रशियातून ज्यू कुटुंबे आली. कोणी रेल्वेच्या कारखान्यात लागले, कोणी बांधकामावर. त्यांच्याबरोबर त्यांची मुले आली, आणि या मुलांना बसवायचे कोठे हा प्रश्न शहरापुढे उभा राहिला.

येथे एक खुलासा करतो. आपल्याकडे पब्लिक स्कूल म्हटले की मोठी फी घेणारी, श्रीमंतांची शाळा डोळ्यांपुढे येते. कॅनडात पब्लिक स्कूल म्हणजे सर्वांची शाळा. लोकांच्या करातून चालणारी, फी न घेणारी, आणि बहुतेक ठिकाणी लोकांनी निवडून दिलेल्या मंडळाच्या हाती असलेली. कॅनडाच्या 1867 च्या घटनेप्रमाणे शिक्षण हा प्रांतांचा विषय आहे, त्यामुळे प्रत्येक प्रांताची रीत थोडी वेगळी. विनिपेगच्या शाळांचे अधीक्षक होते डॅनियल मॅकिन्टायर. 1885 पासून 1928 पर्यंत, म्हणजे त्रेचाळीस वर्षे, त्यांनी हे काम सांभाळले. शाळांच्या इमारतींचे काम जेम्स मिचेल यांच्याकडे होते. हे गृहस्थ तरुणपणी घोडेस्वार पोलीस दलात होते. पुढे त्यांच्या देखरेखीखाली शहरात एकामागून एक विटांच्या भक्कम शाळा उभ्या राहिल्या.

आता त्या वेळची व्यवस्था कशी होती ते पाहा. प्राथमिक शाळा आठ वर्षांची. त्यापुढे हायस्कूल. मूल सहाव्या वर्षी शाळेत आले, कोठे अडले नाही, तर चौदाव्या वर्षी आठवी संपे. मॅनिटोबात सक्तीच्या हजेरीचा कायदा 1916 साली झाला. त्या कायद्याने मुलाने शाळेत किती वर्षांपर्यंत राहायचे? चौदा वर्षांपर्यंत! म्हणजे शाळेचा शेवटचा वर्ग आणि कायद्याची शेवटची मर्यादा, दोन्ही एकाच ठिकाणी येऊन मिळाली. घरी पैशाची ओढ, बाहेर कारखान्यात आणि दुकानात पोरांना काम. चौदा वर्षांचा मुलगा त्या दारात उभा राही. पुढे हायस्कूल, तेथील मास्तर अनोळखी, विषय अवघड, लॅटिनची भीती. मागे घर, आणि घराला लागणारे चार पैसे. तो कोणती वाट धरणार हे सांगायला ज्योतिषी नको.

शेजारच्या अमेरिकेतही हेच चालले होते. लिओनार्ड आयर्स नावाच्या अभ्यासकाने 1909 साली शाळांत मागे पडणाऱ्या मुलांवर एक पुस्तक लिहिले. त्यात त्यांनी दाखविले की, शहरांतील शाळा सर्वसाधारणपणे पाचवीपर्यंत सगळ्या मुलांना नेतात, आठवीपर्यंत निम्म्यांना, आणि हायस्कूल पुरे करतो तो दहांतला एक. त्याच सुमारास, म्हणजे 1909-10 साली, ओहायो राज्यातील कोलंबस आणि कॅलिफोर्नियातील बर्कली या गावांनी एक नवा प्रयोग मांडला. प्राथमिक शाळा सहा वर्षांची करायची, हायस्कूल तीन वर्षांचे, आणि मध्ये तीन वर्षांची एक स्वतंत्र शाळा ठेवायची.

तुम्ही म्हणाल, आठ अधिक चार काय आणि सहा, तीन, तीन काय, बेरीज तर बाराच! पण खरी खुबी येथेच आहे. मूल बाराव्या वर्षी नव्या शाळेत जाते. त्या वयात काम मिळत नाही, कायदाही घरी बसू देत नाही. तेव्हा ते निमूटपणे नव्या शाळेत येते. पुढे चौदावे वर्ष लागते, कायद्याचे बंधन सुटते, तेव्हा ते कोठल्याच दारात उभे नसते. ते शाळेच्या ऐन मध्यावर असते. सोबती तेथे, ओळखीचे मास्तर तेथे, आणि नववी एका वर्षावर. मग आई-बापही म्हणतात, आता एक वर्षासाठी कशाला सोडवा? म्हणजे सुधारकांनी भिंत पाडली नाही, दार तेवढे हलविले.

विनिपेगमध्ये हा प्रयोग आला 1919 साली. ते वर्ष त्या शहराच्या इतिहासात मोठे धामधुमीचे. महायुद्ध नुकतेच संपले होते. 1918 च्या हिवाळ्याच्या तोंडावर इन्फ्लुएंझाची साथ आली आणि शाळा काही आठवडे बंद ठेवाव्या लागल्या. 15 मे 1919 रोजी शहरात सार्वत्रिक संप झाला. तीस हजारांच्या आसपास कामगार बाहेर पडले, ट्रामगाड्या थांबल्या, पाव आणि दुधाचीही पंचाईत झाली. 21 जूनला पोलिसांनी गोळीबार केला, त्यात दोन माणसे दगावली. 26 जूनला संप मागे घेतला गेला. अशा त्या वर्षी फोर्ट रूज या भागातील अर्ल ग्रे शाळेत ज्युनियर हायस्कूल सुरू झाले. कॅनडातील पहिले ज्युनियर हायस्कूल म्हणून याच शाळेचे नाव घेतले जाते. अर्ल ग्रे हे 1904 ते 1911 या काळात कॅनडाचे गव्हर्नर जनरल होते. तिकडच्या फुटबॉलची जी मोठी स्पर्धा आहे तिचा ग्रे कपही त्यांनीच 1909 साली दिलेला.

या शाळेत होते तरी काय? ज्युनियर हायस्कुलाची जी योजना त्या काळी मांडली गेली तिच्यात चार गोष्टी प्रमुख होत्या.

पहिली गोष्ट, विषयागणिक शिक्षक. प्राथमिक शाळेत एकच बाई सकाळपासून संध्याकाळपर्यंत सगळे शिकवीत. येथे गणिताला एक, विज्ञानाला दुसरे. घंटा झाली की मुले एका खोलीतून दुसऱ्या खोलीत जात. पण लहान मूल एकदम पाच-सहा मास्तरांच्या हाती दिले तर त्याचे म्हणून कोणी राहत नाही. म्हणून प्रत्येक तुकडीला एक वर्गशिक्षक दिला. मुलाची हजेरी, त्याची अडचण, त्याच्या घरची खबर, हे सगळे या शिक्षकाने ठेवायचे.

दुसरी गोष्ट, विषयागणिक बढती. जुन्या पद्धतीत मूल अंकगणितात नापास झाले की सगळे वर्ष पुन्हा. भाषेत हुशार असले तरी पुन्हा तेच पुस्तक, तेच धडे, आणि धाकट्या भावाच्या वयाची मुले शेजारी. अशा मुलाचे मन शाळेवरून उडाले नाही तरच नवल. नवी योजना म्हणाली, जो विषय कच्चा तेवढाच पुन्हा करा, बाकीच्या विषयांत पुढे चला.

तिसरी गोष्ट, हातांचे शिक्षण. सर विल्यम मॅक्डोनाल्ड नावाचे तंबाखूचे एक मोठे व्यापारी कॅनडात होऊन गेले. त्यांच्या देणगीतून 1900 च्या सुमारास देशभर शाळांत हस्तव्यवसायाचे वर्ग निघाले होते. विनिपेगनेही 1912 साली केल्व्हिन आणि सेंट जॉन्स ही दोन तांत्रिक हायस्कुले उघडली होती. तेव्हा सुतारशाळा म्हणजे काय हे तेथील लोकांना ठाऊक होते. ज्युनियर हायस्कुलात हे काम अभ्यासक्रमाचा भाग झाले. मुलांना लाकूडकाम आणि धातुकाम, मुलींना स्वयंपाक आणि शिवण. शिवाय चित्रकला, गायन, व्यायाम. गायनाची तर त्या शहराला मोठी आवड. मॅनिटोबाची संगीत स्पर्धा त्याच 1919 साली सुरू झाली, आणि शाळांची गायनपथके पुढे तिच्यात हौसेने उतरू लागली.

चौथी गोष्ट सर्वांत महत्त्वाची. मुलाला पारखण्याआधी त्याला चाखू द्यायचे. थोडी दुसरी भाषा, थोडे विज्ञान, थोडी कारागिरी, थोडा हिशेब आणि टंकलेखन. तीन वर्षांत मुलाला कळावे की आपल्याला काय आवडते आणि काय जमते. मग नववीनंतर त्याने हायस्कुलाची कोणती शाखा घ्यायची ते ठरवावे. बाराव्या वर्षी कोणाच्या कपाळावर कारकून किंवा कारागीर असा शिक्का मारू नये, हा त्यामागचा हेतू.

ही कल्पना विनिपेगपुरती राहिली नाही. ब्रिटिश कोलंबिया प्रांतात पुटमन आणि वीअर या दोघांनी शाळांची पाहणी करून 1925 साली मोठा अहवाल दिला, आणि बारा ते पंधरा वर्षांच्या मुलांसाठी अशाच शाळा काढा अशी शिफारस केली. त्यांतले वीअर हे विद्यापीठातील प्राध्यापक. पुढे 1933 साली तेच प्रांताचे शिक्षणमंत्री झाले. आल्बर्टा प्रांतानेही 1930 नंतरच्या दशकात सातवी ते नववी हा स्वतंत्र टप्पा मानला. त्या प्रांतातील एडमंटन शहरात आजही ज्युनियर हायस्कूल याच नावाने या शाळा चालतात.

पण श्रोतेहो, इतिहास सांगायचा तर दोन्ही बाजूंनी सांगितला पाहिजे. या शाळेने सगळे साधले असे नाही.

चाखू देण्याची योजना पुष्कळदा वाटणीची योजना झाली. ज्याच्या घरी पुस्तके त्याला लॅटिन, ज्याचे वडील कारखान्यात त्याला रंधा. मुलींच्या वाट्याला शिवण आणि स्वयंपाक हा जणू नियमच होता. मुलीने सुतारकाम करावे आणि मुलाने भाकरी भाजावी हे सर्रास व्हायला 1970 नंतरचा काळ उजाडावा लागला.

भाषेचेही असेच. मॅनिटोबात 1896 च्या तडजोडीनंतर फ्रेंच, जर्मन, पोलिश, युक्रेनियन अशा भाषांतून इंग्रजीच्या जोडीने शिकविण्याची मुभा होती. 1916 साली ती काढून घेण्यात आली. म्हणजे ज्या वर्षी मुलाला शाळेत आणण्याचा कायदा झाला त्याच वर्षी त्याची घरची भाषा शाळेबाहेर ठेवण्यात आली. मूल शाळेत आले, पण त्याच्या आईची भाषा दारातच राहिली. फ्रेंचला पुन्हा पूर्ण मान मिळाला तो 1970 च्या कायद्याने, आणि युक्रेनियन व इंग्रजी अशा दुभाषी वर्गांची सुरुवात मॅनिटोबात 1979 साली झाली.

आणि एक वर्ग तर या सर्वांच्या शाळेच्या बाहेरच होता. कॅनडाच्या मूळ रहिवाशांची मुले सरकारने आई-बापांपासून तोडून, चर्चच्या हाती दिलेल्या निवासी शाळांत ठेवली. खुद्द विनिपेगमध्ये 1958 साली असिनिबॉइया नावाची अशी एक निवासी शाळा उघडली, ती 1973 पर्यंत चालली. शहर एकच, पण एका मुलासाठी घरापासून चालत जाण्याजोगी शाळा, आणि दुसऱ्यासाठी घर विसरायला लावणारी. या निवासी शाळांबद्दल कॅनडाच्या पंतप्रधानांनी 11 जून 2008 रोजी संसदेत माफी मागितली. त्यांच्या चौकशीसाठी नेमलेल्या आयोगाचे अध्यक्ष मरे सिंक्लेअर हे मॅनिटोबाचेच, आणि स्वतः मूळ रहिवाशांपैकी. त्या आयोगाचा अंतिम अहवाल 2015 साली आला. सर्वांची शाळा म्हणताना त्या सर्वांत कोण कोण धरलेले नाही, हे नेहमी विचारावे लागते. तिकडेही, आणि आपल्याकडेही.

आता त्याच अर्ल ग्रे शाळेतल्या एका विद्यार्थ्याची गोष्ट. 1960 साली टोरांटोहून आईबरोबर एक मुलगा विनिपेगला आला. आई-वडील वेगळे झालेले, शहर नवे, आणि वय ते असे आडनिडे. त्याला या शाळेत घातले. अभ्यासात त्याचे फारसे लक्ष नव्हते. लक्ष होते गिटारमध्ये. येथेच त्याला सोबती मिळाले आणि येथेच त्याने आपले पहिले वाद्यपथक जमविले. पुढे हा मुलगा नील यंग या नावाने जगभर गाजलेला गायक झाला. पण गोष्टीचा दुसरा भाग असा, की अर्ल ग्रे सोडून तो केल्व्हिन हायस्कुलात गेला, आणि ते हायस्कूल पुरे न करताच बाहेर पडला. मधल्या शाळेत त्याच्या हाती गिटार राहू शकली. पुढच्या शाळेत तो स्वतःच राहू शकला नाही. त्याचे काही बिघडले नाही, कारण गळ्यात आणि बोटांत दैवी देणगी होती. पण तशी देणगी हजारांत एकाला. बाकीच्या नऊशे नव्याण्णवांसाठी सांधा जपावाच लागतो.

पुढे खुद्द ज्युनियर हायस्कुलावरही टीका झाली. हे तर मोठ्या हायस्कुलाचे छोटे रूप झाले, तीच घंटा, तोच परीक्षेचा धाक, मूल हरवले ते हरवलेच, असे शिक्षक म्हणू लागले. 1963 साली विल्यम अलेक्झांडर या अमेरिकन शिक्षणतज्ज्ञाने पाचवी किंवा सहावीपासून आठवीपर्यंत मिडल स्कूल असावे असा विचार मांडला. मॅनिटोबातही पुढे पाचवी ते आठवी हा मधला टप्पा आणि नववी ते बारावी हा वरचा टप्पा अशी मांडणी आली. त्याबरोबर नवे वर्गही आले. 1965 साली माँट्रिअलजवळच्या सेंट लॅम्बर्ट गावी काही पालकांच्या आग्रहाने, इंग्रजी बोलणाऱ्या मुलांना सगळे विषय फ्रेंचमधून शिकविण्याचा प्रयोग झाला. तो देशभर पसरला. पुष्कळ ठिकाणी त्याची एक शाखा सहावी-सातवीतच सुरू होते. म्हणजे मूल मोठे होऊन, स्वतः विचार करून नव्या भाषेत उतरू शकते. चाखून पाहण्याची जुनी कल्पना येथे पुन्हा दिसते. आणि कायद्याची जी मर्यादा 1916 साली चौदा वर्षांची होती, ती वाढत वाढत 2011 च्या कायद्याने अठरा वर्षांवर गेली.

मग यातून आपण काय घ्यायचे? तिकडची इमारत, तिकडचे कारखाने, तिकडचा पैसा आपल्याला सगळा आणता येणार नाही, आणि आणण्याची गरजही नाही. पण विनिपेगकरांनी विचारलेला प्रश्न फुकट आहे. मूल कोठे सुटते? आपल्याकडे कोठे चौथीचा सांधा आहे, कोठे सातवीचा, कोठे दहावीचा. गावोगाव तो निराळा. शिक्षकांनी आपल्या गावचा सांधा कोणता ते पट उघडून पाहावे. शेवटच्या वर्गातल्या मुलांना मे महिन्याच्या आधीच एकदा पुढच्या शाळेत नेऊन आणावे. तेथल्या एखाद्या मास्तरांची ओळख करून द्यावी. दाखला हातात देताना, पुढे नाव कोठे घालणार, एवढे विचारावे. आणि जूनमध्ये नाव खरोखर पडले की नाही, ते बघावे. पालकांनाही माझे हेच सांगणे आहे. सुटीत मुलगा गुरांमागे गेला तर जाऊ द्या, पण शाळा उघडेल त्या दिवशी त्याला बोलावून आणा. मुलीच्या बाबतीत तर हे दोनदा सांगतो.

माझा तो बाकावरचा जोडीदार मला अजून भेटतो. चांगला शेतकरी आहे, बाजारात हिशेब तोंडी करतो आणि माझ्या आधी उत्तर सांगतो. मागे एकदा मी त्याला सहज विचारले, का रे, तू त्या जूनमध्ये का आला नाहीस? तो क्षणभर थांबला आणि म्हणाला, "अरे, मला बोलवायला कोणी आलंच नाही."